सावे दादांचा कॅमेरा

(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत मंडळाच्या सभागृहात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



महोत्सवाच्या व्याख्यानमालेतील एक व्याख्यान चित्रपटावर व्हावे असे कार्यकारिणीने ठरविले आणि ते काम आमच्या गळ्यात घातले, तेव्हा श्रोत्यांची अपेक्षा काय असेल याची आम्हांस कल्पना होती. नटनट्यांच्या दोनचार आठवणी, जुन्या गाण्यांचे मुखडे, थोडा हशा. ती अपेक्षा आज पुरी होणार नाही, याबद्दल आरंभीच क्षमा मागतो. ज्या गृहस्थांविषयी आम्ही बोलणार आहोत ते पडद्यावर दिसणारे नव्हते. त्यांनी कोणत्याही चित्रपट कंपनीची नोकरी केली नाही. तशी कंपनीच तेव्हा या देशात नव्हती. स्वतःच्या पैशाने कॅमेरा आणला, स्वतःच्या मनाने विषय निवडले, आणि आठदहा वर्षांनी तो उद्योग आपण होऊन सोडून दिला. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर हे त्यांचे नाव. मुंबई त्यांना सावे दादा म्हणून ओळखीत असे. हातात चलच्चित्राचा कॅमेरा धरणाऱ्या भारतीयांत पहिला मान बहुतेक इतिहासकार त्यांनाच देतात.

मुंबईच्या सावे दादांचे आपल्या जबलपुरात काय काम, असे कोणी विचारील. त्याला आमची दोन उत्तरे आहेत. एक या सभागृहाच्या कपाटात सापडलेल्या पत्र्याच्या डब्यात आहे; त्याकडे शेवटी येऊ. दुसरे आपल्या रेल्वे स्थानकावर आहे. मुंबईकडून आलेला लोहमार्ग आणि कलकत्त्याकडून आलेला लोहमार्ग १८७० साली एकमेकांस भेटले ते या जबलपुरात. तेव्हापासून आपण त्या दोन शहरांच्या मधल्या मुक्कामावर बसलो आहोत. मेल येते, दोन्हीकडची माणसे खिडकीतून पाहतात आणि पुढे जातात. भारतीय चित्रपटाचा जन्म याच लोहमार्गाच्या दोन टोकांना जवळजवळ एकाच वेळी झाला. मुंबईच्या टोकाला सावे दादा होते, कलकत्त्याच्या टोकाला हिरालाल सेन. दोघेही मूळचे छायाचित्रकार, दोघांचाही कॅमेरा स्वतःचा, आणि दोघांचेही काम आज पाहावयास मिळत नाही. मधल्या मुक्कामावर राहणाऱ्यांनी दोन्ही टोकांची थोडी चौकशी ठेवावी, इतकाच आमचा अधिकार.

सावे दादांचा जन्म १८६८ सालचा, मुंबईचा. छायाचित्रणाचा त्यांचा व्यवसाय होता. त्या काळचे छायाचित्रण म्हणजे आपल्या आजोबा-पणजोबांच्या तसबिरींतले; खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून श्वास रोखून उभे राहावयाचे. हललात की चित्र बिघडले. अशा व्यवसायात वाढलेल्या माणसापुढे १८९६ च्या जुलै महिन्यात एके दिवशी चित्रच हलू लागले. ल्युमिएर बंधूंचा माणूस ऑस्ट्रेलियाच्या वाटेवर मुंबईस उतरला आणि ७ जुलै रोजी वॉटसन हॉटेलात त्याने एक रुपया तिकीट लावून सहा छोटी चित्रे दाखविली. कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार, पाडली जाणारी भिंत, समुद्रस्नान, स्थानकात शिरणारी आगगाडी. पॅरिसमधल्या पहिल्या खेळाला तेव्हा जेमतेम सहा महिने होऊन गेले होते. आठवड्याभरात हे खेळ नॉव्हेल्टी थिएटरात सुरू झाले आणि तेथे चार आण्यांपासून तिकिटे निघाली. पडदानशीन स्त्रियांसाठी निराळी आसने ठेवल्याचाही उल्लेख सापडतो.

त्या खेळाच्या प्रेक्षकांत सावे दादा होते असे सांगतात. हजारो मुंबईकरांनी तो चमत्कार पाहिला, वाहवा केली आणि घरी गेले. या गृहस्थांनी मात्र विलायतेहून कॅमेराच मागविला. रायली नावाचा तो कॅमेरा एकवीस गिनींना पडला. त्या वेळच्या विनिमयाने ही रक्कम सव्वातीनशे-साडेतीनशे रुपयांच्या घरात जाते. कारकुनाला पंधरावीस रुपये पगार मिळत असे त्या दिवसांत इतका पैसा एका पेटीत घालणे याला धाडस म्हणावे की वेड, हे त्यांच्या घरच्या मंडळींनी काय ठरविले असेल ते असो.

त्या पेटीचे काम थोडे समजावून सांगतो, कारण त्याशिवाय या माणसाच्या धिटाईची कल्पना येणार नाही. पेटीत मोटार नाही, वीज नाही. बाजूस एक दांडा. तो हाताने फिरवावयाचा. साधारणपणे एका फेरीत आठ चित्रे आणि एका सेकंदात दोन फेऱ्या, म्हणजे सेकंदास सोळा चित्रे. फितीच्या एका फुटात सोळाच चित्रे मावतात. त्यामुळे पन्नास फुटांचे रीळ पन्नास सेकंदांत संपे. हात रेंगाळला की पडद्यावरची माणसे धावू लागत, हात घाईला आला की ती स्वप्नात चालल्यासारखी चालत. आमच्या मंडळातील तबलजी मित्रांना सोळा मात्रांचा त्रिताल एका सेकंदात संपविण्याचे हे काम सांगितले तेव्हा त्यांनी कानाला हात लावला. शिवाय ती फीत रंगांच्या बाबतीत आंधळी. तांबडा रंग तिला दिसतच नसे. तांबडी माती काळी उमटे आणि निळे आकाश कोरे पांढरे. आपल्या भेडाघाटचे संगमरवरी कडे भर दुपारी त्या फितीवर घेतले असते तर आकाश कोठे संपले आणि दगड कोठे सुरू झाला हे ब्रह्मदेवालाही सांगता आले नसते. आणि सर्वांत मोठी अडचण अशी, की घेतलेले चित्र कसे आले हे पाहावयाची सोय नाही. सावे दादांची फीत धुण्यासाठी लंडनला जाई. बोटीने जावयाची, बोटीने परत यावयाची. दोन-अडीच महिने सहज. तोवर ज्याचे चित्र घेतले तो माणूस गावाला गेलेला असावयाचा आणि घेणाऱ्याला स्वतःला धीर धरून बसावे लागावयाचे.

अशा स्थितीत पहिले चित्र कशाचे घ्यावे? गव्हर्नराची स्वारी घेता आली असती, एखादा संस्थानिक पैसे देऊन तयार झाला असता. सावे दादांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती लावली आणि ती घेतली. पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी अशी त्या दोन मल्लांची नावे इतिहासात राहिली आहेत. आम्हांस या निवडीत कारागिराची हुशारी दिसते. कॅमेरा जागचा हलू शकत नाही, तर विषय असा हवा की जो हलेल, पण चौकटीबाहेर पळणार नाही. कुस्तीला आखाडा असतो. ऊन असते. डावपेच पाहणाऱ्याला भाषा यावी लागत नाही. यानंतर त्यांनी माकडवाल्याचा खेळ घेतला तोही याच हिशेबाने. माकड दोरीला बांधलेले असते. पण हिशेब काही असो, परिणाम असा झाला की आपल्या देशातील माणसाने घेतलेल्या पहिल्या चलच्चित्रात कोणी साहेब नाही, राजा नाही, देवही नाही. एक पुंडलिक आहे आणि एक कृष्णा आहे.

आता आम्ही त्या चित्राकडे येतो ज्यासाठी हा विषय आम्ही घेतला. डिसेंबर १९०१. रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे विलायतेहून परत यावयाचे होते. दापोलीजवळच्या मुर्डी गावचा हा मुलगा केंब्रिजला गेला आणि १८९९ साली गणिताच्या परीक्षेत सीनियर रँग्लर झाला. या पदाला पोहोचलेला पहिला भारतीय. ती बातमी महाराष्ट्रात घरोघर कशी पोहोचली असेल याची कल्पना आज करणे अवघड आहे. गणितातला ग म्हणता न येणाऱ्या माणसांनाही 'रँग्लर' हा शब्द पाठ झाला, आणि तो परांजप्यांच्या नावाला असा चिकटला की पुढे ते फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य झाले, मंत्री झाले, ऑस्ट्रेलियात भारताचे हायकमिशनर झाले, तरी लोक त्यांना रँग्लरच म्हणत राहिले. तर हे रँग्लर मुंबईस उतरले, स्वागताला माणसे लोटली, आणि त्या गर्दीत सावे दादा आपली पेटी घेऊन उभे होते. ते चित्र त्यांनी घेतले. भारतीय माणसाने घेतलेले पहिले वार्ताचित्र म्हणून इतिहासकार त्याचा उल्लेख करतात.

श्रोतेहो, वॉटसन हॉटेलात जी आगगाडी पडद्यावर आली ती फ्रान्समधली होती. तीतून उतरणारी माणसे मुंबईत कोणाच्याच ओळखीची नव्हती. प्रेक्षकांनी पाहिले ते यंत्राचे कौतुक. पाच वर्षांनी त्याच मुंबईत त्याच जातीच्या यंत्रापुढे एक माणूस आला, आणि त्याची वाट पाहणाऱ्यांना त्याचे नाव, गाव, आईबाप सगळे ठाऊक होते. यंत्र तेच, परंतु कॅमेरा कोणाची वाट पाहत उभा आहे यात सगळा फरक पडला. हा फरक कोणा कंपनीने केलेला नाही, सरकारने तर नाहीच. दांड्यावर हात असलेल्या एका माणसाने ठरविले की आज कॅमेरा येथे लावावयाचा. स्वतंत्र छायालेखक म्हणजे काय, असे आम्हांस कोणी विचारले तर आम्ही त्याला डिसेंबर १९०१ मधली ती गर्दी दाखवू. दाखवू असे म्हणतो खरे. दाखविण्यासारखे काही उरलेले नाही.

एक गोष्ट येथे सांगितल्यावाचून राहवत नाही. ज्या रँग्लरांचे चित्र सावे दादांनी घेतले त्यांचीच नात सई परांजपे. 'स्पर्श', 'चश्मेबद्दूर', 'कथा' हे त्यांचे चित्रपट आपल्यापैकी अनेकांनी पाहिले असतील. तिन्हींचे छायालेखन वीरेंद्र सैनी यांचे. आजोबा कॅमेऱ्यापुढे, नात कॅमेऱ्यामागे.

सावे दादांनी पुढे १९०३ च्या आरंभी कर्झनसाहेबाने भरविलेला दिल्ली दरबारही चित्रित केला. हत्ती, अंबाऱ्या, संस्थानिक. व्यवसायाच्या दृष्टीने ते काम मोठे असेल, परंतु आम्हांस त्यात विशेष गोडी वाटत नाही. दरबाराची चित्रे परदेशी कॅमेऱ्यांनीही घेतली. सावे दादा तेथे नसते तरी दरबार जगाला दिसलाच असता. रँग्लरांचे आगमन मात्र त्यांच्यावाचून कोणी घेतले नसते.

१९०७ च्या सुमारास त्यांनी हा उद्योग सोडला. भावाच्या मृत्यूने त्यांचे मन उडाले असे सांगतात. कॅमेरा विकला आणि ते बोरीबंदरजवळच्या गेइटी थिएटरचे व्यवस्थापक झाले. हेच पुढे कॅपिटॉल सिनेमा म्हणून प्रसिद्धीस आले. तेथे त्यांना पैसाही बरा मिळाला, आणि १९५८ साली नव्वदीच्या घरात पोहोचून ते वारले. आपल्याकडे कलावंताची गोष्ट सांगताना शेवटी त्याला दारिद्र्यात मारण्याची प्रथा आहे. सावे दादा त्या प्रथेला अपवाद ठरले, याचा आम्हांस मनापासून आनंद होतो. हिरालाल सेन यांना ते भाग्य लाभले नाही. 'रॉयल बायोस्कोप'चा व्याप त्यांनी बंधूंच्या साहाय्याने उभारला, रंगभूमीवरील नाटकांची दृश्ये घेतली, वंगभंगाविरुद्धच्या चळवळीचे चित्रण केले. शेवटी व्यवसाय मोडला, प्रकृती ढासळली. १९१७ च्या ऑक्टोबरात गोदामास आग लागून त्यांच्या साऱ्या फिती जळाल्या आणि थोड्याच दिवसांत ते गेले. एकजण सुखात गेला, एकजण हालात. फिती मात्र दोघांच्याही नाहीत.

सावे दादांच्या कॅमेऱ्याचे पुढे काय झाले? तो करंदीकर, पाटणकर आणि दिवेकर या तीन मराठी मंडळींच्या हाती गेला, आणि त्यांनीही त्यावर चित्रे घेतली. म्हणजे माणूस थांबला तरी पेटी थांबली नाही. १९१२ साली दादासाहेब फाळके लंडनला जाऊन आले, त्यांनी नवा विल्यमसन कॅमेरा आणला आणि आपले मित्र त्र्यंबक तेलंग यांना तो चालवावयास शिकविले. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली कोरोनेशन थिएटरात लागला तो तेलंगांच्या हातचा. फाळक्यांचे नाव आज पुरस्काराला आहे. तेलंगांचे नाव या सभागृहातील किती जणांनी ऐकले होते, हात वर करण्याची तसदी देत नाही. सरस्वतीबाई फाळके यांनी तर दिवसभर घरातल्या माणसांचा स्वयंपाक करून रात्री अंधारात फितीला भोके पाडली. त्यांनाही छायालेखनाच्या इतिहासात एक पाट मांडावा असे आमचे मत आहे. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी दामल्यांना बरोबर घेऊन १९१८ साली कॅमेराच घरी घडविला. पुढे 'प्रभात'सारख्या कंपन्या आल्या, छायालेखक पगारी झाला, त्याला दिवे मिळाले, मदतनीस मिळाले. 'संत तुकाराम' ज्यांनी चित्रित केला ते अवधूत त्याच परंपरेतले. चांगले दिवस होते ते, यात शंका नाही. पण आज कॅमेरा कोठे लावावयाचा हे एकट्याने ठरविण्याचा अधिकार मात्र त्या पगारात वळता झाला.

तो अधिकार परत येण्यास बराच काळ लागला. 'शांतता! कोर्ट चालू आहे' १९७१ साली पडद्यावर आले ते मोठ्या कंपनीच्या आधाराशिवाय, आणि त्याचा कॅमेरा गोविंद निहलानी या तेव्हाच्या नव्या माणसाने सांभाळला. अलीकडे अविनाश अरुण यांनी 'किल्ला' स्वतःच दिग्दर्शित केला आणि छायालेखनही स्वतःच केले. हा चित्रपट २०१४ साली बर्लिनच्या महोत्सवात बक्षीस मिळवून आला. आईची बदली होते म्हणून शाळा, मित्र, गाव सोडून कोकणात आलेल्या मुलाची ती गोष्ट आहे. बदली हा शब्द आपल्या मंडळात कोणाला समजावून सांगावा लागत नाही. कारखाने, रेल्वे, तारखाते आणि बदल्या यांनीच हे मंडळ भरले. ज्यांनी पाहिला नसेल त्यांनी तो अवश्य पाहावा, आणि पाऊस कोणत्या उजेडात घेतला आहे तेही पाहावे.

आपल्या भेडाघाटचेच उदाहरण घ्या. 'जिस देश में गंगा बहती है' १९६० साली येथे चित्रित झाला. गंगेच्या नावाखाली आपली नर्मदा साऱ्या देशाने पाहिली, याचा जबलपूरकरांना अभिमान आणि थोडा रागही आहे. राज कपूर आणि पद्मिनी सर्वांना आठवतात. त्या चित्रपटाचे दिग्दर्शक राधू कर्मकार होते, आणि ते मूळचे राज कपूर यांचे छायालेखक होते, हे मात्र नावेतून कडे दाखविणाऱ्या नावाड्यालाही आम्ही सांगावे लागले. त्याला बाकीचे सगळे पाठ होते.

आता फिती नाहीशा का होतात हे थोडक्यात. जुनी फीत नायट्रेटची असे. ती ठिणगीने पेटे आणि पाण्यानेही विझत नसे. आगीतून वाचल्या त्या कुजून गेल्या. कुजल्या नाहीत त्या कित्येक भंगारवाल्याकडे गेल्या, कारण फितीवरच्या लेपात चांदी असते आणि ती काढून घेता येते. आपल्या देशात तेराशेहून अधिक मूकपट निघाले. आज हाती आहेत ते तीसएक, आणि त्यांतलेही बरेच अपुरे. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले आणि पी. के. नायर यांनी घरोघर फिरून जे मिळाले ते जमविले, म्हणून एवढे तरी राहिले. 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे मिळाले. तीही १९१७ साली पुन्हा घेतलेल्या चित्रातली असावीत असे काही अभ्यासक मानतात. सावे दादा वारले तेव्हा हे संग्रहालय निघावयास सहा वर्षे होती. ते नव्वद वर्षांचे होईतो मुंबईतच होते.

आणि आता तो पत्र्याचा डबा.

मंडळाच्या आरंभीच्या दिवसांत आपल्यात एक गृहस्थ होते. कारखान्यात नोकरी, स्वभाव अबोल. त्यांनी भविष्यनिर्वाह निधीतून रक्कम उचलून आठ मिलिमीटरचा एक कॅमेरा घेतला होता. किल्ली देऊन चालणारा. गणेशोत्सव, हळदीकुंकू, कोजागिरी, मुलांची नाटके, ग्वारीघाटावरचे विसर्जन, जेथे म्हणून मंडळ तेथे ते कॅमेरा घेऊन उभे. रीळ तीनचार मिनिटांचे. धुवावयास मुंबईस जाई आणि महिन्याभराने टपालाने परत येई. मग एखाद्या रविवारी भिंतीला धोतर लावून आम्ही सारे ते पाहत असू. कोणी त्यांना पैसे दिले नाहीत. खरे सांगावयाचे तर कोणी विचारलेही नाही. बदली झाली तेव्हा त्यांनी चार रिळे एका डब्यात घालून मंडळाच्या स्वाधीन केली आणि कार्यवाहांकडून पोच घेतली. कार्यवाह आम्ही होतो.

त्यानंतर एका उन्हाळ्यात सभागृहाला रंग काढला. कपाटातील सामान गच्चीवर हलविले आणि सतरंज्या, समया, हार्मोनियम परत खाली आली. डबा राहिला. जबलपूरचा मे महिना त्याने पत्र्याखाली काढला आणि मृगाच्या पहिल्या सरीनंतर कोणाच्या तरी पायाला लागला. आम्ही तो पुसून कपाटात ठेवला, उघडून पाहिला नाही. कॅमेराही कोणापाशी नव्हता, यंत्रही नव्हते. आणि पाहण्याची भीती वाटली हेही खरे. गेल्या दिवाळीत स्मरणिकेसाठी जुनी छायाचित्रे शोधताना तो पुन्हा निघाला. झाकण काढताच आंबट दर्प आला. तीन रिळे वितळून एकमेकांस चिकटली आहेत. गुळाच्या ढेपेसारखा एकच गोळा झाला आहे. गणेशोत्सव, हळदीकुंकू आणि विसर्जन त्या गोळ्यात आहेत. चौथे रीळ आतल्या बाजूस शाबूत निघाले.

त्या रिळात जबलपूर स्थानकाचा फलाट आहे. आपल्या पहिल्या नाट्यप्रयोगासाठी मुंबईहून आलेली मंडळी मेलमधून उतरत आहेत, आणि आपले लोक हार घेऊन उभे आहेत. गाडी थांबते, दारातून एक ट्रंक येते, मग माणसे. आमच्या डोक्यावर काळे केस आहेत. अध्यक्षमहाराज, आपण आहात. हार कोणाच्या गळ्यात घालावा हे न सुचून आपण तो हमालाच्या गळ्यात घालण्याच्या बेतात आहात. दीड मिनिट असेल नसेल.

ते गृहस्थ आता नाहीत. वहिनी मुलाकडे असतात. आम्ही दूरध्वनीवरून रीळ सापडल्याचे कळविले. तीन गेल्याचेही सांगितले, आणि कोणामुळे गेली तेही. त्या काही वेळ बोलल्या नाहीत. मग त्यांनी एवढेच विचारले, "भाऊजी, त्यात हे कोठे दिसतात का हो?" आम्ही ते दीड मिनिट त्या रात्री पुन्हा पाहिले. दुसऱ्या दिवशी पुन्हा पाहिले. ते कोठेही दिसत नाहीत. दिसणार कसे? मंडळाच्या सर्व जुन्या प्रसंगांत ते हजर होते आणि आमच्यापाशी त्यांचे एकही चलच्चित्र नाही. वहिनींना तसे कळविले. त्या म्हणाल्या, "मग ते रीळच मला दाखवा. त्यांनी काय पाहिले ते तरी दिसेल."

रीळ पुण्यास पाठवून त्याची नवी प्रत करून घेण्याचे कार्यकारिणीने मान्य केले आहे. खर्च आम्ही करू म्हणालो, ते कार्यकारिणीने मान्य केले नाही. अर्ध्यावर तोड निघाली. पहिली प्रत वहिनींकडे जाईल. सभागृहातील कपाटाची किल्ली यापुढे दोघांकडे राहील, आणि त्या दोघांत आम्ही नसावे अशी विनंती आम्हीच केली आहे.

एक काम मात्र आजच करावयाचे आहे. त्या फितीवरून काढलेली अकरा स्थिरचित्रे बाहेरच्या व्हरांड्यात मेजावर मांडली आहेत. फलाटावर आपल्या बाजूची एकोणीस माणसे मोजता येतात. त्यांतील पंधरांची नावे लागली आहेत. चार लागत नाहीत: चष्म्याचे एक गृहस्थ, नऊवारीतल्या दोन बायका आणि कठड्यावर चढलेला एक मुलगा. चहा घेण्यापूर्वी ज्येष्ठ सभासदांनी ती चित्रे कृपया पाहावीत. शेजारी वही ठेवली आहे. मुलाचे एक नाव वहिनींनी सुचविले आहे, पण आपल्या एका जुन्या सभासदांचे मत निराळे आहे, म्हणून ते तूर्त पेन्सिलीने लिहिले आहे.